व्हेरिटी लॅम्बर्ट यांनी ‘डॉक्टर हू’ निर्माण केली, म्हणजे नेमके काय केले?

बीबीसीची ‘डॉक्टर हू’ ही विज्ञानकथा मालिका ब्रिटिश दूरचित्रवाणी निर्मात्या व्हेरिटी लॅम्बर्ट यांच्याच कल्पनेतून जन्मली, असे वर्षानुवर्षे सांगितले जाते. ते खरे नाही. मूळ कल्पना बीबीसीच्या नाट्यविभागाचे प्रमुख सिडनी न्यूमन यांची होती आणि डोनाल्ड विल्सन व अन्य लेखकांनी तिला आकार दिला होता. लॅम्बर्ट 1963 मध्ये, वयाच्या 27व्या वर्षी, निर्मात्या म्हणून आल्या.

मात्र एवढ्यावरून त्यांचे श्रेय उणे ठरत नाही. विल्यम हार्टनेल यांना मुख्य भूमिकेसाठी राजी करणे, लखनौत जन्मलेल्या तरुण दिग्दर्शक वारिस हुसेन यांच्या पाठीशी उभे राहणे, ही त्यांचीच कामगिरी. विचित्र राक्षस नकोत, अशी न्यूमन यांची सक्त ताकीद असताना टेरी नेशन यांची ‘डॅलेक’ यंत्रजीवांची कथा आली. विल्सन यांनाही ती मुळीच पसंत नव्हती, पण दुसरी संहिता तयार नव्हती आणि लॅम्बर्ट हटल्या नाहीत. त्याच डॅलेकांमुळे मालिका घराघरांत पोहोचली.

पुढे त्यांनी थेम्स टेलिव्हिजन या ब्रिटिश दूरचित्रवाणी कंपनीचा नाट्यविभाग सांभाळला, 1985 मध्ये स्वतःची निर्मितीसंस्था काढली आणि ‘अ क्राय इन द डार्क’ हा चित्रपटही केला. निर्मात्याचे काम पडद्यावर दिसत नाही, म्हणूनच बहुधा त्यांच्या नावावर न केलेले काम चढले आणि केलेले झाकले गेले.