पार्श्वभूमी : मुंगळ्याच्या ‘मेंदूचा ताबा’ कुणी घेतला?

2023 च्या जानेवारीत एका अमेरिकी मालिकेत बुरशीने माणसांना झपाटलं आणि ‘ही बुरशी मुंगीच्या मेंदूचा ताबा घेते’ हे वाक्य पुन्हा फिरू लागलं. बुरशी खरी आहे, मुंगीही खरी. घोळ आहे तो ‘मेंदूचा’ या शब्दात.

जुना भाग लवकर आटोपतो. 1859 मध्ये सुलावेसी बेटावर एका इंग्रज निसर्गसंग्राहकाला ही बुरशी लागलेल्या मुंग्या सापडल्या. नाव 1865 मध्ये पडलं, पण ती ज्या ‘कॉर्डिसेप्स’ या वंशाच्या नावाने गाजली तिथून 2007 मध्येच बाहेर पडली. जनुकांवरून फेरमांडणी झाली आणि ती, तसंच हिमालयातली कीडाजडी (अळीवर वाढणारी औषधी बुरशी), ‘ऑफिओकॉर्डिसेप्स’ या वंशात गेली. मथळ्यांपर्यंत ही बदली अजून पोहोचलेली नाही. 2011 मध्ये ब्राझीलच्या मिनास जेराइसमधून चार वेगळ्या जाती नोंदवल्या गेल्या, म्हणजे आपण जिला ‘एक बुरशी’ म्हणतो ते आख्खं खानदान आहे.

वागणुकीचा खरा अभ्यास थायलंडच्या जंगलात झाला. तिथली मुंगी आपल्या काळ्या मुंगळ्याच्या, म्हणजे डोंगळ्याच्याच वंशातली. तिचं राहणं उंच झाडांवर. बुरशी लागली की ती खाली येते, जमिनीपासून साधारण 25 सेंटिमीटरवर पानाच्या खालच्या बाजूला जाते आणि मधल्या शिरेत जबडा रुतवते. हे बहुधा सूर्य डोक्यावर असताना घडतं. मुंगी मरते, पण पकड सुटत नाही; काही दिवसांनी तिच्या मानेमागून बुरशीचा देठ फुटतो. अभ्यासकांनी अशी मेलेली मुंगी उचलून शेंड्याकडे किंवा जमिनीवर ठेवली, तर बुरशीची वाढ नीट झाली नाही. म्हणजे जागा अचूक हेरलेली असते. जर्मनीतल्या मेसेलच्या 4.8 कोटी वर्षं जुन्या पानावर शिरेलगत तसेच चाव्याचे व्रण 2010 मध्ये ओळखले गेले.

इतकी नेमकी करणी पाहून मेंदूतच काहीतरी शिरलं असणार, असं सगळ्यांनी धरून चाललं. 2017 मध्ये बाधित मुंग्यांचे अतिशय पातळ काप इलेक्ट्रॉन सूक्ष्मदर्शकाखाली पाहिले गेले. बुरशीच्या पेशी डोक्यात होत्या, छातीत होत्या, पायांत होत्या. एकमेकींना नळ्यांनी जोडून त्यांनी स्नायूंच्या तंतूंभोवती जाळं विणलं होतं. मेंदूत मात्र एकही नाही! तुलनेला घेतलेली दुसरी बुरशी आपल्या शेतकऱ्यांच्या ओळखीची : पांढऱ्या माशीवर फवारतात ती बिव्हेरिया. तीही कीटक मारते, पण तिने असं जाळं विणलेलं दिसलं नाही. 2019 मध्ये जबड्याचे स्नायू बारकाईने तपासले, तर ते इतके आखडले होते की तंतू फाटले होते, आणि तरी मज्जातंतूंचे जोड शाबूत होते.

मग ताबा कसला? 2014 च्या प्रयोगात मुंग्यांचे मेंदू काचपात्रात जिवंत ठेवून शेजारी बुरशी वाढवली, तेव्हा मुंगीची जात बदलली की बुरशीची रसायनंही बदलत होती. मेंदूवर परिणाम होत असेलही, पण तो बाहेरून सोडलेल्या रसायनांनी. माझ्या मते अशा मुंगीला चिकटलेल्या ‘झॉम्बी’, म्हणजे चालतं मढं, या शब्दाने इथे नुकसानच केलं. ‘अंगात येणं’ त्यापेक्षा जवळचं होतं, कारण बुरशी अंगात येते, मेंदूत नाही.

‘मेंदूचा ताबा’ हा शब्द ज्याला शोभतो तो प्राणी मात्र प्रसिद्धीत मागे राहिला. कुंभारीण माशी अळी आणून मातीत लिंपते आणि अळीचीच कुंभारीण होते, असा कीटक-भृंगी न्याय आपल्याकडे ध्यासाचा दृष्टांत म्हणून चालत आला. अळी प्रत्यक्षात पिलाचं खाद्य असते, हे सोडा. कुंभारणीची लांबची नातलग असलेली हिरवी चकचकीत गांधीलमाशी झुरळाला दोनदा डंख मारते. पहिल्याने पुढचे पाय काही काळ लुळे पडतात. दुसरा डंख डोक्यात. विषाला किरणोत्सारी खूण लावून 2003 मध्ये पाहिलं, तर ते थेट मेंदूत उतरलेलं होतं. झुरळ चालू शकतं, पण आपणहून चालायला लागत नाही. माशी त्याची मिशी अर्धी तोडते, उरलेलं टोक धरते आणि दावं धरून गाय न्यावी तसं त्याला बिळाकडे नेते. आत त्याच्या पायावर अंडं घालून ती खड्यांनी तोंड बुजवते.