फ्रँचायझी धंदा

फ्रँचायझी म्हणजे नाव दुसऱ्याचं, पद्धत दुसऱ्याची आणि पैसा आपला. दुकान आपण टाकायचं, भाडं आपण भरायचं, पोरं आपण ठेवायची, आणि बोर्डावरच्या नावासाठी कंपनीला सुरुवातीला एकरकमी फी आणि मग दर महिन्याच्या विक्रीतून रॉयल्टी देत राहायची. नागपुरात मागच्या काही वर्षांत हा शब्द घराघरात पोचला तो मुख्यतः चहामुळे, धरमपेठ, प्रतापनगर, मनीषनगर कुठंही जा, पुण्याकडून आलेल्या अमृततुल्यचा बोर्ड दिसतोच, पण प्ले-स्कूल, सलून, कुरिअर, रक्ततपासणीचे कलेक्शन सेंटर, आइस्क्रीम पार्लर हे पण सगळे बहुतेक याच पद्धतीवर चालून राहिले आहेत. महाराष्ट्रात याचं सगळ्यात पसरलेलं उदाहरण तर लोक फ्रँचायझी म्हणून ओळखतही नाहीत, एमएस-सीआयटी या कॉम्प्युटर कोर्सचे सेंटर. २००१ मध्ये स्थापन झालेल्या एमकेसीएलचा (महाराष्ट्र नॉलेज कॉर्पोरेशन) अभ्यासक्रम आणि सर्टिफिकेट, आणि गावोगावी सेंटर मात्र स्थानिक माणसाचं. ते टिकलं कारण सरकारी नोकरीत ते सर्टिफिकेट मागत होते, म्हणजे गिऱ्हाईक शोधायचं अर्धं काम आधीच झालेलं होतं.

कंपनी पैसा कुठून कमावते

कोणती फ्रँचायझी चालेल आणि कोणती बुडेल याला कारणं खूप सांगतात लोक, जागा, चव, मार्केटिंग, नशीब. माझ्या मते सगळ्यात आधी एकच प्रश्न विचारावा, की ही कंपनी दुकान विकून कमावते की दुकान चालून कमावते. फीवर जगणाऱ्या कंपनीला रोज नवीन माणूस पाहिजे, रॉयल्टीवर जगणाऱ्या कंपनीला जुना माणूस टिकलेला पाहिजे, बाकीच्या बऱ्याच गोष्टी यातूनच निघतात.

जुनी उदाहरणं पाहिली की हे कळते. अमेरिकेत केएफसीच्या हारलँड सँडर्सनी १९५२ मध्ये सॉल्ट लेक सिटीच्या पीट हार्मनला पहिली फ्रँचायझी दिली तेव्हा बोली होती की दर कोंबडीमागे काही सेंट द्यायचे, कोंबडी विकली तर पैसे. रे क्रॉकनी १९५५ पासून मॅकडोनाल्ड्सच्या फ्रँचायझी द्यायला घेतल्या तेव्हा फी ९५० डॉलर होती आणि विक्रीवर १.९ टक्के, त्यातला पण ०.५ टक्का मूळ मॅकडोनाल्ड भावांचा. एवढ्यात कंपनीचं भागेना, म्हणून १९५६ मध्ये हॅरी सॉनेबॉर्नच्या डोक्यातून वेगळी जागेची कंपनी निघाली, जागा कंपनीनं घ्यायची आणि चालवणाऱ्याला जास्त भाड्यानं द्यायची, आणि धंदा वाढला की भाडं पण विक्रीच्या टक्क्यानं वाढायचं. लोक म्हणतात मॅकडोनाल्ड्स हा जागेचा धंदा आहे ते यावरून. पण मला यातली दुसरी बाजू जास्त महत्त्वाची वाटते, चुकीचा कोपरा निवडला तर कंपनीचे स्वतःचे पैसे अडकत होते, त्यामुळे कोपरा पाहायला कंपनीची माणसं स्वतः फिरत होती. आपल्याकडे बरेचदा उलटं होते, जागा तुम्ही शोधा, फोटो व्हॉट्सॲपवर पाठवा, दोन दिवसांत अप्रूव्हल येते.

उलट्या बाजूचं उदाहरण क्विझ्नोस, सँडविचची साखळी, २००७ च्या सुमारास अमेरिकेत जवळपास ५,००० दुकानं होती. तिथं माल कंपनीशी जोडलेल्या पुरवठादाराकडूनच घ्यायची सक्ती होती, दुकानदारांची तक्रार की तो महाग पडते, कोर्टकचेऱ्या झाल्या, दुकानं पटापट बंद पडली आणि २०१४ मध्ये कंपनी दिवाळखोरीत गेली. सबवेचं दुखणं वेगळं. १९६५ मध्ये फ्रेड डिलुका आणि पीटर बक यांनी सुरू केलेली ही साखळी २०१५ च्या सुमारास एकट्या अमेरिकेत २७,००० च्या वर दुकानांवर गेली आणि मग हजारोंनी बंद झाली, एका दुकानाच्या जवळच दुसरं काढलं की दोघं एकमेकाचंच गिऱ्हाईक खातात पण रॉयल्टी एकूण विक्रीवर असल्यामुळे कंपनीला ते लगेच टोचत नाही.

नागपूरसारख्या शहरात हे फार लवकर जाणवते. शहर मोठं दिसते पण खायला-प्यायला उभं राहणारी गर्दी मोजक्या पट्ट्यात आहे, लक्ष्मीनगर ते शंकरनगर, धरमपेठ-गोकुळपेठ, सीताबर्डी, सदर, आणि कॉलेज-क्लासेसच्या आसपासचा भाग. म्हणून करारात टेरिटरी लिहिलेली आहे का, किती अंतरात दुसरं दुकान देणार नाही, हे आधी पाहावं. "भाऊ, तुमच्या एरियात दुसऱ्याला देणारच नाही" हे तोंडी बोललेलं काही कामाचं नाही.

चहाच्या दुकानाचा हिशोब

आकडे समजून घ्यायला एक उदाहरण धरू, हे आकडे धरलेलेच आहेत, कुठल्या दुकानाचे नाहीत. चहा १२ रुपये, दिवसाला ४०० कप. महिन्याची विक्री १,४४,००० रुपये. दूध, साखर, मसाला, गॅस, कप मिळून ४५ टक्के धरले तर ६४,८०० गेले, उरले ७९,२००. भाडं २५,०००. तीन पोरं ११,००० प्रमाणे ३३,०००. लाइट, पाणी, साफसफाई, तुटफूट ६,०००. आता हातात १५,२००. रॉयल्टी ५ टक्के, पण नफ्यावर नाही, विक्रीवर, म्हणजे ७,२००. मालकाला उरले ८,०००, आणि दुकान टाकायला ८ लाख लागले असतील तर ते निघायला १०० महिने, म्हणजे आठ वर्षांच्या वर, आणि करार तर पाचच वर्षांचा आहे. यात मालकाचा स्वतःचा पगार धरलेला नाही, आणि बँकेचं व्याज पण नाही.

आता हेच ३५० कपांवर करून पहा. विक्री १,२६,०००, माल ५६,७००, भाडं-पगार-लाइट तेच ६४,०००, उरले ५,३००, आणि रॉयल्टी ६,३००. मालक महिन्याला १,००० रुपये खिशातून घालून राहिला आणि कंपनीला मात्र ६,३०० बरोबर पोचले. वर ६०० कपांवर गेलात तर मालकाला ४४,००० सुटतात आणि आठ लाख दीड वर्षात मोकळे. कपांत फरक दीडपटीचा आणि कमाईत साडेपाचपट, कारण भाडं आणि पगार हलत नाही. म्हणून दुकान चांगलं आहे की नाही यापेक्षा त्या कोपऱ्यावर ४०० कप होतात की ६०० यावर घर चालते, आणि हे कुठल्याही माहितीपत्रकात लिहिलेलं नसते, हे त्या कोपऱ्यावर आठ दिवस सकाळ-संध्याकाळ उभं राहून मोजावं लागते. खरंच उभं राहावं. माझ्या घरातल्या एकानं मोजलं नाही, रविवारी संध्याकाळी एकदा गर्दी पाहिली आणि टोकन देऊन आला, बाकीचे सहा दिवस तो रस्ता रिकामा असतो हे दुकान उघडल्यावर कळलं, चौदा महिन्यात शटर पडलं आणि त्या घरातलं सोनं गेलं ते गेलं.

फी आणि रॉयल्टीवर १८ टक्के जीएसटी लागतो, हा खर्च लोक धरतच नाहीत. ५ टक्के जीएसटीवाल्या रेस्टॉरंटला इनपुट क्रेडिट, म्हणजे खरेदीवर भरलेला जीएसटी आपल्या भरायच्या जीएसटीतून वजा करणं, घेता येत नाही, त्यामुळे तो १८ टक्के सरळ खिशातून जातो. काही कंपन्या "रॉयल्टी शून्य" असं मोठ्या अक्षरात लिहितात, तिथं चहा पावडर किंवा मसाला कंपनीकडूनच घ्यायचा असतो आणि कंपनीची कमाई त्यात बसवलेली असते. याच्यात वाईट काही नाही, अमूल पण पार्लरवाल्याकडून रॉयल्टी घेत नाही, माल विकूनच चालते, पण अमूलचा भाव छापील असतो आणि बाजारभाव सगळ्या गावाला माहीत असतो. मसाल्याच्या सीलबंद पाकिटाचा भाव कंपनी उद्या वाढवेल तेव्हा काय करायचं, हा प्रश्न आधीच विचारावा.

जागा, ऊन आणि मालक

पुण्याच्या विक्रीचा आकडा नागपुरात लागू होत नाही. मे महिन्यात इथं पारा ४५ च्या वर जाते, दुपारी बारा ते पाच रस्त्यावर कुत्रं नसते, चहा बसते आणि ऊसाचा रस, लस्सी, आइस्क्रीम उठते, मग पावसाळ्यापासून थंडीपर्यंत उलटं. आइस्क्रीम पार्लरवाल्याला चार महिन्यांची कमाई वर्षभर पुरवावी लागते, एसीचं बिल वेगळं. ज्यानं ऑक्टोबरमध्ये आइस्क्रीमचं दुकान उघडलं त्याचं खेळतं भांडवल उन्हाळा यायच्या आधीच संपते, यात चव, नाव, कंपनी कोणाचाच दोष नसतो, फक्त महिना चुकलेला असतो. समोर उड्डाणपुलाचं काम निघालं आणि पत्रे लागले की चालतं दुकान पण बसते, आणि अशा वेळी भाडं आणि रॉयल्टी माफ करायची सोय करारात क्वचितच असते.

मालक गल्ल्यावर बसते की नाही, यावर पण खूप अवलंबून आहे. फ्रँचायझी विकणारा सांगते की मॅनेजर ठेवा, महिन्याला हिशोब पहा. हे मोठ्या दुकानाला जमते, चहाच्या नाही, वरच्या हिशोबात एका मॅनेजरचा पगार बसतच नाही. प्ले-स्कूलमध्ये तर ब्रँड पहिल्या वर्षापुरता, नंतर आयाबाया त्या शाळेच्या ताईला पाहूनच लेकरू पाठवतात. २०२० मध्ये शाळा बंद झाल्या तेव्हा कितीतरी चांगल्या चाललेल्या प्ले-स्कूल फक्त भाड्यानं बुडाल्या.

काय कॉपी होते आणि काय होत नाही

फ्रँचायझीत विकली जाणारी वस्तू खरं म्हणजे पद्धत असते, कोणीही नवीन पोरगा आठ दिवसांत शिकेल अशी. डोसा, पिझ्झा, बर्गर, प्रीमिक्सचा चहा हे मोजमापात बसते. नागपूरच्या सावजीचं तसं नाही. सावजी हे कोणा एका कंपनीचं नाव नाही, हलबा कोष्टी समाजाच्या घरातून आलेली ती पद्धत आहे, शहरात सावजी भोजनालयाच्या पाट्या गल्लोगल्ली आहेत आणि प्रत्येकाचा मसाला वेगळा, लोक पाटी पाहून जात नाहीत, अमक्या भाऊच्या हाताची तर्री म्हणून जातात. असा हात पाकिटात भरता आला तरच त्याची साखळी होईल. हल्दीरामचं नाव पण इथून मोठं झालं, पण ते कुटुंबात नागपूर, दिल्ली आणि कोलकाता अशा वाटण्या होऊन पसरलं.

डॉली चायवाला यांचं उदाहरण याच्यात फार शिकण्यासारखं आहे. सदरमधली टपरी, २०२४ च्या फेब्रुवारीत बिल गेट्स यांच्यासोबतचा व्हिडिओ जगभर गेला, आणि २०२५ मध्ये त्यांनी फ्रँचायझी देणार म्हणून जाहीर केलं. नागपूरकर म्हणून मला त्याचा अभिमानच आहे. पण लोक तिथं जातात ते त्यांच्या हाताची लकब पाहायला, उंचावरून दूध ओतायची, पैसे परत द्यायची ती स्टाइल, आणि तो माणूस एकाच वेळी दोन गावी उभा राहू शकत नाही. म्हणून अशा ब्रँडमध्ये पैसे टाकणाऱ्यानं चव, पुरवठा आणि ट्रेनिंग याबद्दल जास्त विचारावं, कारण पहिल्या महिन्याची सेल्फीची गर्दी ओसरली की गिऱ्हाईक चहासाठीच येईल.

कायदा आणि फसवणूक

अमेरिकेत १९७९ पासून फेडरल ट्रेड कमिशन या सरकारी संस्थेचा नियम आहे, फ्रँचायझी विकणाऱ्याला २३ मुद्द्यांचं माहितीपत्र सही किंवा पैशाच्या किमान १४ दिवस आधी द्यावं लागते, त्यात कंपनीवरचे खटले, किती दुकानं उघडली, किती बंद पडली, जुन्या फ्रँचायझीवाल्यांचे संपर्क सगळं येते. भारतात फ्रँचायझीसाठी वेगळा कायदाच नाही. १८७२ चा करार कायदा, १९९९ चा ट्रेडमार्क कायदा, आणि तुम्ही सही केलेला कागद, एवढंच. बंद पडलेल्या दुकानांची यादी कोणी स्वतःहून देणार नाही, ती आपण काढायची, आणि चालू दुकानदारापेक्षा बंद केलेल्याशी बोलणं जास्त उपयोगाचं आहे. ब्रँडचं नाव ट्रेडमार्क म्हणून खरंच रजिस्टर झालं आहे की नुसता अर्ज केला आहे, हे सरकारी वेबसाइटवर फुकटात पाहता येते. करारात वाद झाला तर लवाद, म्हणजे कोर्टाबाहेर निवाडा करणारा, कोणत्या गावात बसेल हे पण वाचावं, इंदूर किंवा पुणे लिहिलेलं असेल तर दर तारखेला नागपूरहून जायचा खर्च आपला.

खोट्या वेबसाइटचा धंदा वेगळाच. नामांकित ब्रँडचा लोगो लावून "नागपूरसाठी डिलरशिप उपलब्ध" म्हणून रजिस्ट्रेशनचे पैसे घेतात आणि फोन बंद. एक सोपी गोष्ट माहीत असली तरी पुष्कळ लोक वाचतील, डॉमिनोज भारतात जुबिलंट फूडवर्क्स चालवते आणि दुकानं स्वतःच टाकते, महाराष्ट्रातलं मॅकडोनाल्ड्स पण एकाच कंपनीकडे आहे, म्हणजे फोनवरचा माणूस तुम्हाला जे देऊन राहिला ते द्यायचा त्याला अधिकारच नाही.

बंद करताना

घेताना जेवढे प्रश्न विचारतात तेवढे सोडायबद्दल कोणी विचारत नाही. करार संपायच्या आधी सोडलं तर डिपॉझिट जाते, दुसऱ्याला विकायचं तर कंपनीची परवानगी आणि ट्रान्सफर फी लागते, आणि कंपनीच्या रंगाचं फर्निचर दुसऱ्या कोणाच्या कामाचं नसते. बरेच जण मग बोर्ड उतरवून त्याच जागी स्वतःच्या नावानं तेच सुरू करतात. करार चालू असताना असं करता येत नाही, गुजरात बॉटलिंग विरुद्ध कोकाकोला या १९९५ च्या निकालात सुप्रीम कोर्टानं कराराच्या काळातलं असं बंधन योग्य धरलं आहे. करार संपल्यावर मात्र करार कायद्याचं कलम २७ साधारणपणे दुकानदाराच्या बाजूनं उभं राहते, धंदा करायला कायमचं कोणी अडवू शकत नाही, फक्त कंपनीचं नाव, तसाच दिसणारा बोर्ड आणि गुप्त म्हणून दिलेला मसाला वापरता येत नाही.