वटवट्या : प्रजातीचे वर्गीकरण

वटवट्या हा खुरटी झुडपे, उंच गवत आणि शेताचे बांध यांत वावरणारा, चिमणीहून लहान, लांब शेपटीचा गाणारा पक्षी आहे. त्याची शास्त्रीय प्रजाती, म्हणजे जवळच्या जातींचा गट, प्रिनिया. आफ्रिका आणि आशिया मिळून तिच्या सुमारे ३० जाती मानल्या जातात. निसर्गअभ्यासक थॉमस हॉर्सफील्ड यांनी १८२१ मध्ये ही प्रजाती मांडली. जावा बेटावरची प्रिनिया फॅमिलियारिस ही तिची नमुना-जाती, म्हणजे प्रजातीचे नाव जिच्याशी बांधलेले असते ती जात, आहे.

भारतातल्या दोन सर्वपरिचित जातींची पहिली शास्त्रीय वर्णने दख्खनमधल्या पक्ष्यांवरून झाली. कर्नल विल्यम साइक्स यांनी १८३२ मध्ये दख्खनच्या पक्ष्यांची यादी प्रसिद्ध केली. तिच्यात राखी वटवट्या (प्रिनिया सोशियालिस) आणि साधा वटवट्या (प्रिनिया इनॉर्नाटा) या दोन्ही जाती आहेत. माळरानावरचा रान वटवट्या (प्रिनिया सिल्व्हाटिका) पक्षिशास्त्रज्ञ जेर्डन यांनी १८४० मध्ये नोंदवला. पुढे १८४४ मध्ये पक्षिशास्त्रज्ञ ब्लाइथ यांनी आणखी काही जातींची भर घातली.

यानंतरचा बराच गोंधळ शेपटीने घातला. हे पक्षी इतके सारखे दिसतात, की वेगळेपणाची खूण म्हणून अभ्यासकांनी शेपटीची पिसे मोजली. एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीस दहा पिसांचे वटवटे प्रिनियात आणि बारा पिसांचे फ्रँकलिनिया या वेगळ्या प्रजातीत ठेवले जात. त्यामुळे करड्या छातीचा वटवट्या (प्रिनिया हॉजसोनाय) आणि तांबूस कपाळाचा वटवट्या (प्रिनिया बुकॅनानाय) हे राखी वटवट्यापासून वेगळे पडले. आज फ्रँकलिनिया ही प्रजाती मानत नाहीत. हे सगळे पुन्हा प्रिनियातच आहेत. त्यात भर म्हणजे काही जातींची शेपटी ऋतूनुसार बदलते. उत्तर भारतातल्या राखी वटवट्याला हिवाळ्यात लांब शेपटी आणि निराळी पिसे येतात, दक्षिणेतला मात्र वर्षभर जवळपास तसाच राहतो. नमुना कोणत्या महिन्यातला आहे हे ठाऊक नसेल, तर संग्रहालयातल्या कातड्यांवरून जात ठरवताना फसगत होणारच.

कुलाच्या, म्हणजे अनेक प्रजातींच्या मोठ्या गटाच्या, पातळीवर बदल उशिरा आला. किडे खाणारे, बारीक चोचीचे, साध्या रंगांचे असंख्य छोटे पक्षी फार काळ सिल्व्हिइडी या एकाच प्रचंड कुलात कोंबलेले होते. डीएनएचा अभ्यास सुरू झाल्यावर ते कुल फुटले आणि वटवट्या सिस्टिकोलिडी या कुलात गेला. पाने शिवून घरटे करणारा शिंपी पक्षीही याच कुलातला आहे.

या प्रजातीतली सर्वांत बोलकी घटना सिंधूच्या खोऱ्यातल्या पक्ष्याची आहे. नदीकाठच्या दाट गवतात राहणारा, वटवट्यासारखाच लांब शेपटीचा हा पक्षी ब्लाइथ यांनी १८४४ मध्ये वर्णिला आणि ब्रिटिश अधिकारी व प्रवासी अलेक्झांडर बर्न्स यांच्यावरून त्याला बर्नेसाय हे जातिनाम मिळाले. विसाव्या शतकात तो प्रिनिया बर्नेसाय म्हणूनच ओळखला जाई. जनुकीय तपासणीत मात्र तो वटवट्यांचा नातलग नसून गवतात राहणाऱ्या सातभाईसदृश पक्ष्यांचा (पेलॉर्निइडी कुल) निघाला. ब्रह्मपुत्रेच्या मैदानातला त्याचा भाऊबंदही त्याच्यासोबत गेला आणि दोघांसाठी लॅटिसिला हे ब्लाइथ यांचेच जुने प्रजातिनाम पुन्हा वापरात आले. विशेष म्हणजे या पक्ष्यालाही बारा पिसांची शेपटी असते. म्हणजे पिसांच्या त्याच संख्येने एकीकडे खऱ्या वटवट्यांना उगाच वेगळे काढले होते आणि दुसरीकडे खऱ्या परक्याची खूण दाखवली होती. दाट गवतात राहणाऱ्या, एकमेकांशी नाते नसलेल्या पक्ष्यांचे बाह्यरूप किती सारखे होऊ शकते, याचे याहून चांगले उदाहरण या गटात सापडत नाही.

जातींच्या सीमाही सरकत आहेत. साधा वटवट्या पूर्वी आफ्रिकेतल्या प्रिनिया सबफ्लाव्हाचीच उपजाती समजला जाई आणि भारतीय ग्रंथांतही तो त्याच नावाने येई. आता दोन्ही स्वतंत्र जाती आहेत. ईशान्य आफ्रिकेपासून उत्तर भारतापर्यंत पसरलेल्या प्रिनिया ग्रॅसिलिसमधून पूर्वेकडचे पक्षी अलीकडेच प्रिनिया लेपिडा म्हणून वेगळे करण्यात आले. हिमालयातला प्रिनिया क्रिनिगेरा आणि चीनमधला प्रिनिया स्ट्रायाटा यांचीही अशीच फारकत झाली. अशा विभागण्यांमध्ये जनुकांइतकेच गाण्यालाही महत्त्व दिले जाते आणि ते योग्यच आहे, कारण रंगाने जवळजवळ एकसारखे असलेले हे पक्षी जोडीदार ओळखतात ते मुख्यतः आवाजावरून. आफ्रिकेत मात्र उलट दिशेनेही काम झाले आहे. एकेकाळी प्रिनियात घातलेल्या काही जाती शिस्टोलायस, फ्रॅग्मासिया आणि ओरिओफिलायस या प्रजातींत गेल्या आहेत.