स्मार्ट कॅज्युअल

पाश्चात्त्य वळणाच्या पोशाखातील अनौपचारिक पण नीटस असा एक प्रकार. पुरुषांच्या बाबतीत सुटाबाहेरचा स्वतंत्र कोट, कॉलरचा शर्ट, सुती किंवा लोकरी पॅंट आणि चामडी बूट हा त्याचा रूढ संच होय. टाय ऐच्छिक असतो, कोटही अनेकदा वगळतात. कार्यालयीन सूट सैल होत गेल्याने हा प्रकार निर्माण झाला, असे पुष्कळदा सांगितले जाते. त्यातील एकेका कपड्याचा इतिहास मात्र नौकानयन, शिकार आणि लष्करी छावणी यांच्याकडे नेतो.

कार्यालयीन पोशाखाशी असलेला मुख्य भेद कापडाचा आहे. सुटाचा कोट व पॅंट एकाच ताग्यातून बेततात. कापड बहुधा वर्स्टेड (पिळदार धाग्याचे गुळगुळीत लोकरी कापड), रंग काळसर निळा किंवा करडा, खांद्यात भरण. स्मार्ट कॅज्युअलमध्ये कोट आणि पॅंट यांचे कापड मुद्दाम निराळे ठेवतात. कोट ट्वीड (जाडसर, खरबरीत लोकरी कापड), लिनन किंवा कॉर्डरॉय (उभ्या उठावदार रेघांचे सुती कापड) यांचा असतो, खांदे मऊ असतात, खिसे पुष्कळदा वरून शिवलेले असतात. सुटातला कोट काढून जीन्सवर चढवला तर तो विजोड दिसतो, याचे कारण पोताच्या या फरकात आहे. सूटही एकेकाळी फावल्या वेळेचाच वेश होता. एकोणिसाव्या शतकाच्या उत्तरार्धात लंडनमधील व्यवसायाचा पोशाख फ्रॉक कोट (गुडघ्यापर्यंतचा लांब कोट) हा होता. साधा सूट कचेरीत सार्वत्रिक झाला तो साधारणपणे पहिल्या महायुद्धानंतर.

या वेशातील ब्लेझर या कोटाच्या उगमाविषयी मतभेद आहेत. एका परंपरेनुसार केंब्रिजच्या सेंट जॉन्स कॉलेजातील लेडी मार्गारेट बोट क्लबच्या (स्थापना १८२५) वल्हेकऱ्यांचा भडक लाल फ्लॅनेलचा कोट हा मूळ ब्लेझर. दुसरी कथा ‘ब्लेझर’ नावाच्या ब्रिटिश युद्धनौकेची : तिच्या कप्तानाने खलाशांना पट्ट्यापट्ट्यांचे कोट शिवून दिले. काही ठिकाणी हा प्रसंग राणी व्हिक्टोरियाच्या भेटीशी जोडतात, तर काही ठिकाणी तो त्यानंतर काही वर्षांनी घडल्याचे सांगतात. तपशिलांतील ही चलबिचल कथेला मारक ठरते. उलट १८८९ मध्ये लंडनच्या डेली न्यूजमधील एका पत्रात, पूर्वी केंब्रिजमध्ये ब्लेझर म्हणजे फक्त लेडी मार्गारेट क्लबचा लाल कोट, अशी तक्रारवजा नोंद सापडते. त्यामुळे पहिले मत अधिक ग्राह्य वाटते. पितळी बटणांचा गडद निळा ब्लेझर हा मात्र नौदली रीफर कोटाचा (खलाशांच्या आखूड, दुहेरी बटणांच्या जाड कोटाचा) वारस असावा. दोन वेगळ्या कोटांना एकच नाव मिळाल्याने गोंधळ वाढला आहे.

चिनो पॅंटची (खाकी वळणाच्या सुती पॅंटची) वंशावळ भारतातून जाते. ब्रिटिश लष्करी अधिकारी हॅरी लम्सडेन याने १८४६ मध्ये पेशावरला उभारलेल्या गाइड्स पथकाने मातकट रंगाचे कपडे प्रथम वापरले, असे सामान्यतः मानतात. तो रंग कशाने देत, याच्या हकीकती जुळत नाहीत. मंगळूरच्या बासेल मिशन या ख्रिस्ती धर्मप्रचारक संस्थेच्या विणकामशाळेत जॉन हॉलर याने १८५१ च्या सुमारास खाकी रंग तयार केल्याचाही दावा आहे. हे दोन्ही दावे परस्परविरोधी समजण्याचे कारण नाही, कारण छावणीत कपडे मळकट रंगवणे वेगळे आणि मागावरच्या कापडाला टिकाऊ रंग देणे वेगळे. १८९८ च्या स्पेन-अमेरिका युद्धाच्या काळात हे खाकी कापड अमेरिकन सैन्यात आले. दुसऱ्या महायुद्धानंतर माजी सैनिक तेच कपडे घालून महाविद्यालयांत शिकू लागले आणि तेथून ते नागरी वेशात रुळले.

‘स्मार्ट कॅज्युअल’ ही संज्ञा १९२० च्या दशकात अमेरिकन वृत्तपत्रांत आढळते. आमंत्रणपत्रिकांवरील वेशसंकेत म्हणून ती बरीच नंतर स्थिरावली. कार्यालयातील शिथिलतेचा एक प्रवाह अमेरिकेच्या हवाई बेटांतून आला. तेथील वस्त्रोद्योजकांनी १९६२ मध्ये विधिमंडळ सदस्यांना अलोहा शर्ट (रंगीबेरंगी नक्षीचे सैल शर्ट) वाटले आणि १९६६ पासून शुक्रवारी ते शर्ट कामावर घालण्याची प्रथा पडली. जपानने २००५ मध्ये ‘कूल बिझ’ मोहिमेद्वारे उन्हाळ्यात टाय-कोटाची सक्ती सैल केली. त्यामागे वातानुकूलन २८ अंश सेल्सिअसवर ठेवून वीज वाचवण्याचा हेतू होता.

भारतात हवामानामुळे कोट गौण ठरतो. इस्त्रीचा पूर्ण बाह्यांचा शर्ट आणि पॅंट, किंवा कुर्त्यावर नेहरू जाकीट, एवढ्याने काम भागते. बंदगळा मात्र औपचारिकच समजला जातो. महाराष्ट्र शासनाने डिसेंबर २०२० मध्ये कर्मचाऱ्यांसाठी काढलेल्या परिपत्रकात जीन्स, टी-शर्ट व स्लिपर टाळण्यास सांगून शुक्रवारी खादी वापरण्याची सूचना केली होती.

स्त्रियांसाठी या वेशाचे नियम सैल आहेत. पाश्चात्त्य देशांत ब्लाउज व स्कर्ट, साधा ड्रेस किंवा पॅंट. भारतात कुर्ता-सलवार आणि सुती साडी यांची गणना त्यात होते. सुती साडी कार्यालयीन पोशाख म्हणूनही चालत असल्याने, येथे कोट-पॅंटीच्या कापडावर बेतलेला भेद लागू पडत नाही.