कॉम्प्युटरने धरलेला अबोला

"बाबांना सांग, पान वाढलंय." बाबा दोन हातांवर बसलेले, पण निरोप मुलीमार्फत. तेही "आलो" म्हणतात ते तिच्याकडे बघूनच. आमटीची वाटी जरा जास्तच जोरात टेकते. भांडण नाही, आरडाओरडा नाही. शेजाऱ्यांच्या लेखी घर सुखी. असे अबोले कधी आठवडाभर चालतात. 'मी तर एक शब्दही बोललो नाही' हे वर आपणच ऐकवतो.

किपलिंग विल्यम्स या मानसशास्त्रज्ञाला या विषयाचा धागा बागेत सापडला. कुत्र्याला घेऊन तो बसला असताना दोन अनोळखी माणसांची फ्रिस्बी त्याच्याजवळ येऊन पडली. त्याने ती परत फेकली, त्यांनी पुन्हा त्याच्याकडे टाकली. थोडा वेळ तिघांचा खेळ रंगला आणि मग काही कारण नसताना त्यांनी त्याला वगळलं. ओळख ना पाळख, तरी त्याला चांगलंच लागलं.

त्यावरूनच पुढे 'सायबरबॉल' हा कॉम्प्युटरवरचा खेळ तयार झाला. पडद्यावर तिघं चेंडू फेकतात, त्यातले एक तुम्ही. सुरुवातीला चेंडू एकदोनदा येतो, नंतर येतच नाही. एवढ्या काही मिनिटांत लोकांची आपलेपणाची भावना आणि स्वतःबद्दलचं मत, दोन्ही खाली येतात. 2004 मध्ये प्रसिद्ध झालेल्या प्रयोगात तर काहींना आधीच सांगून ठेवलं होतं की समोर माणसं नाहीत, नुसता कॉम्प्युटर आहे. तरीही त्यांना तितकंच वाईट वाटलं! माझ्या मते यातली गोम इथेच आहे. वगळलं जाण्याची घंटा आधी वाजते, कोणी वगळलं आणि का, हा विचार मागून येतो. टोळीबाहेर पडणं म्हणजे जिवावर बेतणं, अशा काळात घडलेला हा मेंदू. तो थांबून चौकशी कशाला करील?

2003 मध्ये 'सायन्स' या नियतकालिकात आलेल्या अभ्यासात, शारीरिक वेदनेच्या वेळी जागा होणारा मेंदूचा एक भाग हा खेळ खेळतानाही जागा झालेला दिसला. अर्थात त्यात माणसं होती अवघी 13, आणि तो भाग इतरही बऱ्याच कामांत गुंतलेला असतो. त्यामुळे 'अबोला म्हणजे मेंदूला जखम' वगैरे फॉरवर्ड आले तर जपून.

विल्यम्स आणि त्याच्या सहकाऱ्यांनी हे स्वतःवरही करून पाहिलं. पाच जण, पाच दिवस; रोज एकाची पाळी, बाकीच्यांनी त्याच्याशी बोलायचं नाही. सगळं ठरवून, सांगून केलेलं. तरी ज्याची पाळी, त्याला ते झोंबलंच.

गावाने किंवा जातपंचायतीने वाळीत टाकलं तर महाराष्ट्रात 2016 चा सामाजिक बहिष्कारविरोधी कायदा आहे. स्वयंपाकघरातल्या अबोल्याला तो लागू नाही. तिथे निरोप नेणाऱ्या मुलीवर काय होतं, हे मोजणारा खेळही अजून माझ्या पाहण्यात नाही.