पडद्यावरचा वास येतो कुठून?

सिनेमात वास आणायचा तर थेट थिएटरातच सोडावा, हा प्रयोग १९६० साली अमेरिकेत ‘स्मेल-ओ-व्हिजन’ने केला. खुर्च्यांपर्यंत नळ्या नेल्या, प्रसंगागणिक वास सोडले. जमलं नाही. फ्रेम सेकंदाच्या चोविसाव्या भागात बदलते, हवेतले रेणू इतक्या लवकर हटत नाहीत. आधीचा वास रेंगाळतो, पुढचा उशिरा पोचतो.

पाट्रिक झ्युसकिंडच्या कादंबरीवर टॉम टिक्वरने २००६ साली ‘परफ्यूम’ केला तेव्हा त्याने नळ्यांचा नाद केला नाही. अठराव्या शतकातलं पॅरिस, तिथला मासळीबाजार आणि फ्रांक ग्रीबेचा कॅमेरा. कॅमेरा इतका जवळ जातो की आतड्यांवरची ओली चकाकी, चिखल, वळवळणाऱ्या अळ्या, सगळं अंगावर येतं. शॉट भराभर बदलतात, सुरीचा आवाज कानाशी येतो.

हे पाहताना नाकात काहीच शिरत नाही, तरी नाक मुरडतं. त्याच २००६ मध्ये स्पेनमधल्या संशोधकांनी दाखवलं, की दालचिनी, लसूण असे शब्द नुसते वाचले तरी मेंदूतला वास ओळखणारा भाग जागा होतो. त्याआधी २००३ साली आणखी एक गोष्ट दिसली होती: घाण वास घेताना मेंदूचा ‘इन्सुला’ हा भाग सक्रिय होतो आणि दुसऱ्याचा किळसलेला चेहरा पाहतानाही तोच. त्यामुळे नाकाचा, चेहऱ्याचा क्लोजअप निव्वळ अभिनय टिपण्यासाठी नसतो.

वास पुरवतो तो प्रेक्षकच. बेलापूरजवळच्या दिवाळे कोळीवाड्यात ज्याने बोंबलाचा ओला ढीग पाहिला, सुरमईचे लालभडक कल्ले उघडून ताजेपणा तपासला, त्याला पॅरिसचा बाजार आपल्याच खाडीच्या वासाने भरलेला जाणवेल. वाशीच्या मसाला मार्केटमध्ये मिरचीच्या पोत्यांशेजारून ठसकत गेलेल्या माणसाला लाल भुकटीची उडालेली धूळ पडद्यावर दिसली, की घसा आपोआप खाकरेल.

सुगंधाचं मात्र अवघड आहे. याच चित्रपटात अत्तरवाला बाल्दिनी एक थेंब हुंगतो आणि भोवती फुलांची बाग उभी राहते. दृश्य सुंदर आहे, पण मला ते मासळीबाजारापुढे फिकं वाटतं. तिथे कॅमेरा पृष्ठभाग दाखवतो: ओलं, चिकट, सडकं. इथे तो अत्तराचा अर्थ दाखवतो. बाग पाहून सुगंध असणार हे कळतं. तो येत नाही.