काळ आणि कथेची अकादमी: एका कल्पनेची पूर्वपीठिका

काळ आणि कथा या दोनच विषयांना वाहिलेली एक अकादमी. वर्षभराचा प्रवास एका ओळीत कसा मावतो आणि एका क्षणाच्या वर्णनाला चाळीस पानंही का पुरत नाहीत, याचा शोध तिथे आयुष्यभर घेतला जातो. कल्पित साहित्यात अशी संस्था भेटली की ती एखाद्या लेखकाच्या मनातून थेट उगवली असावी असं वाटतं. पण तिचा पाया उकरायला घेतला की खाली बरंच जुनं बांधकाम लागतं, आणि तेही एका जागचं नाही.

‘अकादमी’ हा शब्द अथेन्सबाहेरच्या एका राईतला. अकादेमस या वीराच्या नावाने ओळखल्या जाणाऱ्या त्या राईत प्लेटोने इ.स.पू. ३८७च्या सुमारास आपली शाळा सुरू केली. कल्पित विद्यापीठांची वाट मात्र इंग्रज तत्त्वज्ञ फ्रान्सिस बेकनने रुंद केली. त्याच्या मृत्यूनंतर, १६२७ साली प्रसिद्ध झालेल्या ‘न्यू अ‍ॅटलांटिस’मध्ये बेन्सालेम नावाच्या बेटावर ‘सॉलोमनचं घर’ ही संशोधनसंस्था आहे. पुढे १६६० साली लंडनमध्ये रॉयल सोसायटी उभी राहिली, तेव्हा तिच्या संस्थापकांपुढे हेच कागदावरचं घर होतं. बेकनच्या या घरात तऱ्हेतऱ्हेची घड्याळं आहेत, ध्वनीची आणि प्रकाशाची दालनं आहेत. कथेसाठी मात्र दालन नाही.

कथेचं दालन शोधायचं तर नैमिषारण्यात जावं लागतं. शौनकाचं बारा वर्षांचं सत्र चालू आहे, ऋषी जमले आहेत आणि उग्रश्रवा सौती तिथे येऊन महाभारत सांगतो. तो सांगतो ते त्याने जनमेजयाच्या सर्पसत्रात वैशंपायनाच्या तोंडून ऐकलेलं असतं, वैशंपायनाने ते व्यासांकडून घेतलेलं असतं, आणि आत युद्धाचा वृत्तांत पुन्हा संजय धृतराष्ट्राला सांगत असतो. एकात एक असे चार काळ. ‘ही गोष्ट केव्हा घडते?’ असा साधा प्रश्न विचारला तरी आधी ‘कोणाच्या तोंडून?’ हे ठरवावं लागतं. काळ आणि कथा यांची अकादमी कोणी आधीच कल्पिली असेल तर ती इथे, असं मला मनापासून वाटतं: बारा वर्षांची सवड, ऐकणारे जाणते, आणि प्रश्न विचारायची पूर्ण मुभा.

त्याच परंपरेत व्याकरणानेही हा प्रश्न हाताळला. पाणिनीच्या व्यवस्थेत भूतकाळ एक नाही. आजच्या आधी घडलेल्या गोष्टीसाठी वेगळं रूप आहे, आणि ‘परोक्षे लिट्’ या सूत्राने बोलणाऱ्याच्या डोळ्यांआड घडलेल्या गोष्टीसाठी आणखी वेगळं. महाभारतभर भेटणारं ‘उवाच’ हे या लिट् लकाराचंच रूप. म्हणजे ‘मी हे पाहिलेलं नाही, तरी सांगतो आहे’ अशी कबुली क्रियापदातच आहे. पुढे वैयाकरण भर्तृहरीने ‘वाक्यपदीया’त काळावर स्वतंत्र प्रकरण लिहिलं आणि काळाला लोकयंत्राचा सूत्रधार म्हटलं. काळाचं तत्त्वज्ञान मांडताना त्याला शब्द सुचला तो रंगभूमीचा, हे मला फार महत्त्वाचं वाटतं.

पश्चिमेत हा धागा पहिल्यांदा घट्ट पकडला तो संत ऑगस्टीनने, इ.स. ४००च्या आसपास. आपल्या आत्मनिवेदनाच्या अकराव्या भागात काळ म्हणजे काय याच्याशी तो झगडतो आणि शेवटी पाठ असलेल्या स्तोत्राचं उदाहरण देतो. म्हणायला सुरुवात करण्याआधी सगळं स्तोत्र अपेक्षेत असतं. एकेक ओळ म्हटली की ती स्मृतीत जाते. आणि लक्ष मधल्या जागी उभं असतं. काळ समजून घ्यायला त्याला तारे पुरले नाहीत, पाठांतर लागलं.

यानंतरची कित्येक शतकं भराभर ओलांडायला हरकत नाही. विसाव्या शतकात रशियातल्या रूपवादी समीक्षकांनी घटनांचा मूळ क्रम आणि सांगण्यातला क्रम यांना दोन वेगळी नावं दिली, फाबुला आणि स्यूझेत. १९४८ साली जर्मन अभ्यासक ग्युंटर म्युलर यांनी सांगायला लागणारा काळ आणि सांगितला जाणारा काळ असा भेद मांडला. मराठी कहाणी हा भेद कधीपासून शेवटच्या ओळीत बाळगून आहे: साठा उत्तरांची कहाणी पाचा उत्तरी सुफळ संपूर्ण.

१९७२ साली फ्रेंच समीक्षक जेरार जनेत यांनी कादंबरीकार प्रूस्तच्या कादंबरीच्या आधाराने या सगळ्याची नीट मांडणी केली. क्रम, अवधी आणि वारंवारता हे त्यांचे तीन प्रश्न. तिसरा सर्वांत नवा होता: अनेकदा घडलेलं एकदाच सांगणं. ‘तो रोज संध्याकाळी टेकडीवर जाई आणि परतताना गप्प असे.’ या एका वाक्यात शेकडो संध्याकाळी आहेत. मराठीकडे यासाठी रीतिभूतकाळ हे खास रूपच आहे, आणि रोजच्या बोलण्यातून ते मागे पडलं तरी गोष्टीत ते अजून जिवंत आहे. म्हणून जनेत वाचताना मराठी वाचकाला ओळखीच्या घरात शिरल्यासारखं वाटू शकतं.

या इतिहासात सर्वांत चटका लावतो तो रशियन समीक्षक मिखाईल बाख्तिन. १९२५ साली त्याने शरीरशास्त्रज्ञ उख्तोम्स्की यांचं जीवशास्त्रातल्या ‘क्रोनोटोप’वरचं, म्हणजे काळ-अवकाशावरचं, व्याख्यान ऐकलं. पुढे अटक झाली, कझाकस्तानातल्या कुस्तानाय इथे हद्दपारी भोगावी लागली. त्यानंतर १९३७-३८मध्ये त्याने त्याच शब्दावर कादंबरीचा दीर्घ अभ्यास लिहिला: वाट, उंबरठा, किल्ला, दिवाणखाना, प्रत्येक जागेत काळ कसा वेगळा साठतो याचा. तो प्रसिद्ध झाला १९७५ साली, त्याच्या मृत्यूच्या वर्षी. काळ-कथेच्या अकादमीला त्याच्याइतका लायक प्राध्यापक सापडला नसता, आणि त्याच्या उमेदीच्या वर्षांत त्याला नीट नोकरीही नव्हती.

प्रत्यक्षात अशी संस्था उभी राहिली का? जवळपास. १९६६ साली जे. टी. फ्रेझर यांनी काळाच्या अभ्यासासाठी आंतरराष्ट्रीय संस्था स्थापन केली. १९६९ साली जर्मनीतल्या ओबरवोल्फाख इथे तिची पहिली परिषद भरली. भौतिकशास्त्र, जीवशास्त्र, तत्त्वज्ञान आणि साहित्य एका टेबलाशी आणायचा तो प्रयत्न होता. त्याची गरज कळायला १९२२ची पॅरिसमधली सभा आठवावी: काळावर लिहिणारा फ्रेंच तत्त्वज्ञ बर्गसाँ याच्यासमोर आइन्स्टाइनने तत्त्वज्ञांचा असा वेगळा काळ नाही म्हणून सांगितलं आणि संवाद तिथेच अडला. फ्रेझर यांच्या संस्थेत तो पुन्हा सुरू झाला. पण तिथे कथा अनेक विषयांपैकी एक आहे, बरोबरीची जोडीदार नाही. कल्पित अकादमी हीच उरलेली जागा भरते.

तिच्या अभ्यासक्रमाचा पहिला धडा मी सौतीवरून घेईन. नैमिषारण्यात ऋषी त्याला विचारतात, कुठून आलास? तो सांगतो: सर्पसत्रात कथा ऐकली, मग तीर्थं हिंडत समंतपंचकाला गेलो, जिथे ते युद्ध झालं होतं, ती भूमी पाहिली, आणि मग इथे आलो.